नगरपरिषदेत २००८ पासून पंपचालक, आता एजन्सीचा बाँड भरायला सांगतायत. सही करावी का?

पंपघर

नमस्कार मंडळी. एका 'ब' वर्ग नगरपरिषदेच्या पाणीपुरवठा विभागातल्या सहा जणांचा प्रश्न आहे. चौघे पंपचालक, दोघे व्हॉल्व्हमन. सगळे २००८-०९ मध्ये लागले. जाहिरात नाही, मुलाखत नाही. विभागाला माणसं हवी होती, ही मिळाली.

मे २०१७ पर्यंत नगरपरिषदेच्या मस्टरवर रोजंदारी होती. जून २०१७ पासून पगार ठेकेदाराच्या खात्यातून येतो. आजवर तीन ठेकेदार बदलले. माणसं तीच, पंपघर तेच, तीन पाळ्या त्याच. रजा मागायची तीही पाणीपुरवठा अभियंत्याकडेच.

आता चौथी एजन्सी आली आहे. तिने ५०० रुपयांच्या मुद्रांकावर मजकूर टाइप करून आणलाय: 'मी सदर एजन्सीचा कर्मचारी असून नगरपरिषदेशी माझा कोणताही सेवासंबंध नाही व नव्हता. भविष्यात कायम करण्याची मागणी करणार नाही.' दहा दिवसांची मुदत दिली आहे. सही नाही तर काम नाही, असं तोंडी सांगितलंय.

प्रश्न असे: सही करावी का? उमादेवी निकालाचा (तात्पुरत्यांना कायम करण्याबाबतचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल) फायदा मिळेल का? मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण), हायकोर्ट की कामगार न्यायालय? नेमणुकीचा एकही कागद हातात नाही, मग सिद्ध काय करणार? आणि सहांपैकी एक जण पुढच्या वर्षी वयामुळे थांबणार आहे, त्याच्या पदरात काय पडेल?

आस्थापना_टेबल

आधी घाईचं तेवढं सांगतो.

त्या मजकुरात 'नाही व नव्हता' मधला 'नव्हता' हा शब्द सगळ्यात महाग आहे. कायम होण्याचा हक्क सोडल्याचं वाक्य न्यायालयात फार टिकत नाही. दुबळ्या बाजूकडून घेतलेल्या अशा जाचक अटी सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये ब्रोजोनाथ गांगुली प्रकरणातच मोडीत काढल्या आहेत. पण 'सेवासंबंध नव्हता' ही तुम्ही स्वतः दिलेली वस्तुस्थितीची कबुली ठरते. २००८ ते २०१७ ची नऊ वर्षं त्या एका शब्दात जातात.

म्हणून त्या नमुन्यावर सही नको. पण 'सही करणार नाही' म्हणून घरीही बसू नका. सहाच्या सहा जणांनी रोजच्या पाळीला हजर राहायचं. घरी बसलात की चार दिवसांत 'स्वतःहून काम सोडले' असा शेरा पडतो आणि पुढे तीन वर्षं तो खोडण्यात जातात.

दुसऱ्या दिवशी मुख्याधिकाऱ्यांच्या नावे एक पानी पत्र द्या. अमुक तारखेपासून नगरपरिषदेच्या पाणीपुरवठा विभागात काम करत आहोत, काम करायला तयार आहोत व रोज हजर आहोत, एजन्सीच्या बाँडमधला मजकूर खरा नसल्याने त्यावर सही करू शकत नाही, एवढंच लिहा. आवक शाखेची पोच घ्या. पोच दिली नाही तर स्पीड पोस्ट करा आणि पावती जपून ठेवा. पत्रात रागलोभ नको, कायद्याची कलमंही नकोत. अर्धवट माहितीवर लिहिलेलं एखादं कलम पुढे वकिलाच्या पायात येतं.

गेटवर अडवलं तर त्याच दिवशी तारीख, वेळ, कोणी अडवलं हे लिहून दुसरं पत्र.

निकालपत्र

आता काळजीच नको! २० डिसेंबर २०२४ चा जग्गो विरुद्ध भारत सरकार वाचा. केंद्रीय जल आयोगात साफसफाईचं आणि बागेचं काम करणारे अर्धवेळ कामगार, वर्षानुवर्षं काम करून एकदम काढले, सर्वोच्च न्यायालयाने सरळ नियमित केले. त्यानंतर ३१ जानेवारी २०२५ ला श्रीपाल निकाल: गाझियाबाद महापालिकेचे माळी, पुन्हा कामावर आणि निम्मं मागचं वेतन. १९ ऑगस्ट २०२५ ला धरम सिंग: उत्तर प्रदेशातल्या उच्च शिक्षण सेवा आयोगातले रोजंदार, गरज पडल्यास अधिसंख्य (मंजूर संख्येपेक्षा जादा) पदं निर्माण करून नियमित करा, पैसे नाहीत हे कारण चालणार नाही. हे तीन निकाल जोडा आणि उच्च न्यायालयात याचिका टाका. उमादेवी संपला.

तहकूब

निकालपत्र, उत्साह चांगला आहे, पण 'उमादेवी संपला' हे वाक्य कोर्टात म्हणू नका. १० एप्रिल २००६ चा उमादेवी निकाल पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा आहे. तुम्ही दिलेले तिन्ही निकाल दोन न्यायमूर्तींचे. ते उमादेवी मोडत नाहीत, तो निकाल कामगारांना लुबाडायला ढाल म्हणून वापरू नका, एवढं सांगतात. फरक बारीक वाटतो, पण सरकारी वकील पहिल्या पाच मिनिटांत तिथेच बोट ठेवतो.

उमादेवीचा परिच्छेद ५३ नीट बघा. मंजूर पद, त्या पदाची पात्रता, न्यायालयाच्या स्थगितीच्या आधाराशिवाय दहा वर्षं सेवा, आणि नेमणूक 'बेकायदा' नसून 'अनियमित', अशांना एकदाच नियमित करा असं तो सांगतो. २०१० च्या एम. एल. केसरी निकालाने खुलासा केला की दहा वर्षं १० एप्रिल २००६ ला पूर्ण हवीत, आणि जे तेव्हा पात्र होते त्या सगळ्यांचा विचार होईपर्यंत ती 'एकदाच'ची प्रक्रिया संपत नाही. पंपघर, तुमचे सहा जण २००८ नंतरचे. म्हणजे परिच्छेद ५३ च्या दारातून त्यांना सरळ आत जाता येत नाही. त्यांना जग्गो, श्रीपाल उपयोगी पडतील ते तत्त्व म्हणून: काम बारमाही आहे, मूळ कामाचाच भाग आहे, वर्षानुवर्षं चाललंय, मग 'तात्पुरते' हे लेबल खरं नाही. पाणी सोडणं हे नगरपरिषदेचं हंगामी काम आहे असं कोणी म्हणू शकत नाही, ही तुमची जमेची बाजू.

आता दाराचा प्रश्न. इथेच बहुतेक प्रकरणं वाया जातात.

मॅट विसरा. ते राज्य शासनाच्या नागरी सेवेतल्यांसाठी आहे. नगरपरिषद, महापालिका, जिल्हा परिषद यांचे कर्मचारी तिथे जात नाहीत.

उरतात तीन: औद्योगिक न्यायालयात १९७१ च्या महाराष्ट्र कायद्याखाली अनुचित कामगार प्रथेची तक्रार, ज्याला सगळे यूएलपी म्हणतात, औद्योगिक वाद उपस्थित करून औद्योगिक न्यायाधिकरण, किंवा उच्च न्यायालयात रिट याचिका.

यूएलपीचं आकर्षण परिशिष्ट ४ मधल्या बाब ६ मुळे आहे. बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरते म्हणून वर्षानुवर्षं ठेवायचं आणि कायमपणाचे फायदे नाकारायचे, ही तिथे थेट अनुचित प्रथा आहे. पुण्यातल्या पाचगाव पर्वती वनीकरणाच्या कामगारांचं कोंढरे प्रकरण १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात याच बाबीवर जिंकलं गेलं. वन विभागाचं ते काम 'उद्योग' ठरलं, आणि पाच-सहा वर्षं ठेवलेले मजूर तात्पुरते नाहीत हेही ठरलं. उमादेवीनंतर अनेकांना वाटलं की आता बाब ६ गेली. एसटी महामंडळ विरुद्ध कास्ट्राइब संघटना या २००९ च्या निकालाने सांगितलं की औद्योगिक न्यायालयाचा याच १९७१ च्या कायद्याच्या कलम ३० खालचा अधिकार उमादेवीने काढलेला नाही. पण एसटीच्या त्या सफाई कामगारांसाठी पदं अस्तित्वात होती. नागपूर खंडपीठाने २०१६ मध्ये तिरोडा नगरपरिषदेच्या प्रकरणात हाच धागा पुढे नेला: मंजूर रिक्त पद आणि भरतीची रीत नसेल तर आदर्श स्थायी आदेशातल्या (सेवाशर्तींच्या नमुना नियमांतल्या) वर्षात २४० दिवस कामाच्या नुसत्या अटीवर कायमपण मिळत नाही. समोरून हा निकाल येणारच. आधीच वाचून ठेवा.

तुमच्या प्रकरणात मोठी अडचण वेगळीच आहे, ठेकेदाराची. नगरपरिषद जबाबात एकच ओळ लिहील: 'हे आमचे कामगार नाहीत.' मग कल्याणी स्टील्स आणि सिप्ला हे २००१ चे दोन निकाल पुढे येतात. मालक-कामगार नातंच वादात असेल तर यूएलपीत ते ठरवता येत नाही. आधी योग्य मंचाकडून नातं ठरवून आणा, मग या. चार-पाच वर्षं तारखा करून तक्रार या एका मुद्द्यावर निकाली निघते.

आणि त्याच कायद्यातलं कलम ५९ लक्षात ठेवा. एका दारातून गेलात की त्याच विषयावर दुसरं दार बंद. 'दोन्हीकडे टाकून बघू' हा सल्ला देणारा भेटला तर चहा पाजा आणि निघा.

म्हणून ठेकेदार मधे आलेल्या सहा जणांसाठी माझं मत वादाच्या मार्गाचं आहे. मागणी दोन भागांत लिहायची: एक, जून २०१७ पासूनचा ठेका दिखाऊ आहे, दोन, म्हणून आम्ही २००८ पासून नगरपरिषदेचेच कामगार आहोत, आम्हाला कायम करा. मागणीपत्र संघटनेमार्फत द्या. मग सहायक कामगार आयुक्तांकडे समेट, तो फसला की न्यायाधिकरण. पूर्वी समेट फसल्यावर सरकारने संदर्भ पाठवायची, म्हणजे वाद न्यायाधिकरणाकडे सोपवायची, वाट बघावी लागे. औद्योगिक संबंध संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली. तिच्यात समेट अधिकाऱ्याचा अहवाल मिळाल्यापासून ९० दिवसांत पक्षच न्यायाधिकरणाकडे अर्ज करतो. हे ९० दिवस कॅलेंडरवर लाल पेनाने लिहा. वाद समेटात किंवा न्यायाधिकरणात असताना त्या विषयाशी निगडित सेवाशर्ती मालकाला परस्पर बदलता येत नाहीत, हा वरचा फायदा.

मुंबई महापालिकेच्या कचरा उचलणाऱ्या कंत्राटी कामगारांचं प्रकरण याच वाटेने गेलं. न्यायाधिकरणाचा निवाडा ऑक्टोबर २०१४ चा, सर्वोच्च न्यायालयाचा शिक्का एप्रिल २०१७ चा, कामगार सुमारे २,७००.

पंपघर

तहकूब, मनापासून आभार. दोन शंका. ठेका दिखाऊ आहे हे ठरतं कशावरून? एजन्सीकडे परवाना नाही असं कळलंय, तेवढं पुरे नाही का? आणि उच्च न्यायालयात सरळ का नाही?

तहकूब

जुन्या कंत्राटी कामगार कायद्यात परवाना नसणं हा ठेकेदाराचा गुन्हा होता, त्याने कामगार आपोआप मुख्य मालकाचे (इथे नगरपरिषदेचे) होत नव्हते. दीनानाथ विरुद्ध नॅशनल फर्टिलायझर्स, १९९१. ठेका पद्धत बंद केली तरी आपोआप सामावून घेणं नाही, हे स्टील अथॉरिटीच्या २००१ च्या घटनापीठाने सांगितलं. मात्र ठेका फक्त कागदावरचा पडदा असेल तर कामगार पहिल्यापासून मुख्य मालकाचेच, हेही त्याच निकालात आहे. हे साक्षीपुराव्याने ठरतं, आणि रिटमध्ये साक्षी-उलटतपासणी होत नाही. उच्च न्यायालय म्हणेल, वस्तुस्थिती वादग्रस्त आहे, पर्यायी मार्ग वापरा.

कसोट्या २०१४ च्या बलवंत राय सलुजा निकालात एकत्र मिळतात: निवड कोणी केली, पगार कोण देतं, काढू कोण शकतं, शिस्तीची कारवाई कोणाची, सेवा अखंड आहे का, कामावर ताबा आणि देखरेख कोणाची. तुमच्या बाजूने पगार सोडून सगळं आहे. तीन ठेकेदार बदलले आणि माणसं तीच राहिली, यावरून निवड ठेकेदाराची नव्हती हे दिसतं. पहिल्या ठेक्याच्या कार्यादेशासोबत नगरपरिषदेनेच कामगारांची यादी जोडली असेल तर तो कागद सोन्याचा.

संघटनेबद्दल एक. यूएलपीच्या वाटेने जाणाऱ्या इतरांसाठी हे महत्त्वाचं आहे. बाब २ आणि ६ च्या तक्रारीत मान्यताप्राप्त संघटना असेल तर तिच्यामार्फतच उभं राहता येतं, कलम २१. मान्यताप्राप्त संघटना नसेल तरच कामगार स्वतः येऊ शकतो. नोंदणीकृत म्हणजे मान्यताप्राप्त नव्हे. खूप जण इथे फसतात. तक्रारीची मुदत ९० दिवस, उशीर असेल तर कारणांसह वेगळा अर्ज. आणि कामावर असतानाच तक्रार केली तर कलम ३०(२) खाली अंतरिम आदेश मागता येतो. काढून टाकल्यावर गेलात तर विषय बाब १ चा होतो, तो कामगार न्यायालयात चालतो, आणि शेवटी नोकरीऐवजी रोख भरपाई हातात पडण्याचा धोका वाढतो. भुरूमल निकाल, २०१३.

मस्टरवाला

कागदांवर मी लिहितो. 'एकही कागद नाही' असं म्हणणाऱ्यांचे कागद कार्यालयात असतात.

२४० दिवस काम केल्याचा पहिला भार कामगारावर आहे. नुसतं शपथपत्र चालत नाही, हे २००२ च्या हदिमनी निकालापासून पक्कं आहे. पण कामगाराने शपथेवर सांगितलं, मस्टर हजर करा असा अर्ज दिला, आणि कार्यालयाने मस्टर दडवलं, तर न्यायालय प्रतिकूल निष्कर्ष काढू शकतं, हे येल्लाट्टी निकालाने सांगितलं. म्हणजे मागणी लेखी आणि नेमकी हवी.

माहिती अधिकाराचा अर्ज जोडपत्र 'अ' मध्ये, १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प. सगळं एका अर्जात कोंबू नका, तीन वेगळे करा. पहिला आस्थापनेकडे: पाणीपुरवठा विभागाचा मंजूर आकृतिबंध (कुठली किती पदं याचा तक्ता), पंपचालक, व्हॉल्व्हमन आणि मजूर यांची मंजूर, भरलेली व रिक्त पदं दरवर्षी ३१ मार्चला किती, आणि बिंदुनामावलीची (आरक्षणानुसार पदांच्या नोंदवहीची) प्रत. तिरोडा निकालाला उत्तर इथूनच निघतं, कारण मंजूर पदं रिक्त ठेवून तीच कामं रोजंदारीवर करून घेतली असतील तर 'पद नाही' हे म्हणणं पडतं. दुसरा लेखा शाखेकडे: एप्रिल २००८ ते मे २०१७ पाणीपुरवठा मजुरी या लेखाशीर्षाखालची प्रमाणकं (खर्चाची व्हाउचरं), सोबत जोडलेल्या मस्टरच्या पानांसह. मस्टर विभागात सापडलं नाही तरी त्याची प्रत प्रमाणकाला टाचलेली असते, हे विसरू नका. तिसरा पाणीपुरवठा विभागाकडे: २०१७ पासूनच्या निविदा, कार्यादेश, ठेकेदारांची बिलं आणि बिलासोबतच्या हजेरीपत्रकांच्या प्रती.

'का', 'कसे', 'कोणत्या नियमाने' असे प्रश्न विचारू नका. प्रश्नार्थक अर्ज 'माहितीच्या व्याख्येत बसत नाही' म्हणून परत येतो. कागदाचं नाव आणि कालावधी लिहा. ३० दिवसांत उत्तर नाही तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील, स्टॅम्प २० रुपयांचा. दुसरं अपील आयोगाकडे ९० दिवसांत.

'अभिलेख उपलब्ध नाही' असं उत्तर आलं तर थांबू नका. अभिलेख नष्ट केल्याची नोंदवही आणि नष्ट करण्यास दिलेल्या मंजुरीची प्रत मागा. तीही नसेल तर कागद नष्ट झालेला नाही, शोधलेला नाही.

आता पंपघरातलं. तिथे लॉगबुक असतं. एका ओळीत तारीख, पाळी, पंप क्रमांक, चालू केल्याची वेळ, बंद केल्याची वेळ, व्होल्ट, अँपिअर, टाकीची पातळी, आणि शेवटी चालकाची सही. आठवड्यातून एकदा-दोनदा त्याखाली अभियंत्याची आडवी सही आणि शिक्का. शेजारी ओटी टेस्टची (पाण्यातल्या क्लोरीनच्या चाचणीची) वही: नमुना कुठल्या नळाचा, रंग आला का, टीसीएल (ब्लीचिंग) पावडर किती किलो टाकली, घेणाऱ्याची सही. या दोन वह्यांत तुमचा माणूस रोज सही करतोय आणि ती सही ठेकेदार तपासत नाही, नगरपरिषदेचा अभियंता तपासतो. ताबा आणि देखरेख कोणाची, याचा याहून सरळ पुरावा नसतो.

बाकी किरकोळ वाटणारं: नगरपरिषदेचं जुनं ओळखपत्र, निवडणुकीच्या कामाचा आदेश, पूर आला तेव्हाचे ड्युटी आदेश, २०१७ आधीचं बँक पासबुक ज्यात जमा रकमेसमोर नगरपरिषदेचं नाव आहे.

दिवस मोजताना: पगारी साप्ताहिक सुट्टी आणि पगारी सणाच्या सुट्ट्या २४० मध्ये धरतात, अमेरिकन एक्स्प्रेस निकाल, १९८५. बिनपगारी रविवार धरत नाहीत. महिन्याला २६ दिवस भरले तरी सव्वानऊ महिन्यांत २४० होतात. २९ दिवसांचा आदेश आणि एक दिवसाचा खंड अशी पद्धत असेल तरी वर्षाला ३४० च्या वर दिवस भरतात, त्यामुळे या हिशेबात त्या कृत्रिम खंडाला घाबरायचं कारण नाही. प्रत्येक माणसाचा वर्षवार तक्ता करा, एका पानावर एक माणूस.

शुश्रूषा_११महिने

मधेच विचारते, माफ करा. राष्ट्रीय आरोग्य अभियानात २०१३ पासून कंत्राटी स्टाफ नर्स, ११ महिन्यांचा आदेश, एक दिवस खंड. वरचं सगळं आम्हाला लागू आहे का?

आस्थापना_टेबल

ताई, तुमची वाट वेगळी. तुमची निवड जाहिरात आणि निवड समितीतून झालेली असते, म्हणून 'मागच्या दाराने' हा आक्षेप तुम्हाला लागत नाही. शासकीय तंत्रनिकेतनांतल्या कंत्राटी अधिव्याख्यात्यांना नागपूर खंडपीठाने २०१३ च्या सचिन डवले प्रकरणात याच मुद्द्यावर नियमित केलं: रीतसर निवड, तीन वर्षांहून अधिक सेवा, मधे फक्त तांत्रिक खंड. शिवाय दहा वर्षं पूर्ण केलेल्या अभियानातल्या कंत्राटींना ३० टक्के पदांवर समायोजनाने घेण्याचा १४ मार्च २०२४ चा शासन निर्णय आहे. आधी त्याखाली लेखी अर्ज द्या, तुमच्या संवर्गाला समकक्ष नियमित पद कोणतं ते सेवाप्रवेश नियम पाहून त्यात लिहा. समकक्ष पद दाखवता आलं नाही की फाइल तिथेच अडकते.

जाहिरातीचं कात्रण, निवड यादी आणि पहिला आदेश स्कॅन करून ठेवा. आणि बाळंतपणाच्या रजेत करार संपला तरी लाभ पूर्ण मुदतीचा मिळतो, कविता यादव निकाल, ऑगस्ट २०२३. सहकाऱ्यांनाही सांगा, हे अनेक जिल्ह्यांत अजून नाकारतात.

लेखाशीर्ष

थांबणाऱ्या गृहस्थांचा हिशेब कोणी केला नाही, तो करतो.

उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी. नगरपालिकांना उपदान कायदा लागू आहे हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ च्या कानपूर महापालिका प्रकरणात स्पष्ट केलं. कायम असणं ही अट नाही, पाच वर्षं अखंड सेवा ही आहे. सूत्र: शेवटचं मासिक वेतन × १५ ÷ २६ × पूर्ण वर्षं. मूळ आणि महागाई भत्ता मिळून १८,००० धरले आणि १७ वर्षं, तर १,७६,५३८ रुपये. शेवटचं वर्ष सहा महिन्यांहून जास्त भरलं तर पूर्ण धरतात. नवी सामाजिक सुरक्षा संहिता आली तरी हे सूत्र तसंच आहे. अर्ज नगरपरिषदेला आणि एजन्सीला, दोघांनाही द्या आणि पूर्ण १७ वर्षांचा द्या. नगरपरिषद '२०१७ नंतर आमचा नाही' म्हणेल, एजन्सी 'माझ्याकडे काही महिनेच' म्हणेल. मग नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे, जे कामगार न्यायालयात किंवा कामगार खात्यात बसतात. फक्त एजन्सीला अर्ज देण्याची चूक केलीत तर तोच कागद नगरपरिषद तुमच्याविरुद्ध लावेल.

भविष्य निर्वाह निधी. नगरपरिषदा आणि महापालिका जानेवारी २०११ च्या अधिसूचनेने योजनेखाली आल्या. म्हणजे मस्टरवरच्या काळातही, २०११ ते २०१७, वर्गणी भरायला हवी होती. पासबुक उघडून बघा. बहुतेक वेळा खातं २०१७ पासूनच सुरू झालेलं दिसतं, आणि प्रत्येक ठेकेदाराची वेगळी ओळ असते. ती पानं दोन कामांना येतात: थकीत वर्गणीची तक्रार क्षेत्रीय आयुक्तांकडे करायला, आणि ठेकेदार बदलले तरी माणूस एका दिवसाचाही खंड न पडता तोच राहिला हे दाखवायला. ठेकेदाराने भरलं नसेल तर मुख्य मालकावर, म्हणजे नगरपरिषदेवर, जबाबदारी येते.

समान वेतन. कायम होणं आणि समान वेतन या दोन वेगळ्या मागण्या आहेत, एकात एक मिसळू नका. जगजित सिंग, २६ ऑक्टोबर २०१६: नियमित कर्मचाऱ्याचंच काम करणाऱ्या तात्पुरत्याला त्या पदाच्या वेतनश्रेणीचा किमान टप्पा, सगळ्या भत्त्यांसह पूर्ण वेतन नव्हे. सातव्या वेतन आयोगात एस-१ या सगळ्यात खालच्या वेतनस्तराचा किमान टप्पा १५,००० आहे, त्यावर त्या त्या वेळचा महागाई भत्ता. तुमच्या लोकांना त्याहून कमी मिळत असेल तर फरक मागता येतो, पण मागचा फरक साधारण तीन वर्षांपुरताच मिळतो, तरसेम सिंग, २००८. म्हणून रोज थांबण्याची किंमत आहे. आणि हे सारं मस्टरवरच्या थेट माणसाला सोपं. ठेकेदारामार्फतच्याला आधी तहकूब म्हणतायत ती पायरी चढावी लागते.

थांबणाऱ्या गृहस्थांचं नाव वादाच्या मागणीपत्रात घालाच. ते निवृत्त झाले तरी त्यांचा दावा चालू राहतो.

निकालपत्र

मान्य, माझी घाई झाली. एक विचारतो: आधीच निवेदनं देऊन झाली असतील, तर मुदत शेवटच्या निवेदनापासून धरतात ना?

तहकूब

नाही. हा गैरसमज संघटनांच्या बैठकांत पसरलाय. निवेदनावर निवेदन देऊन मुदत वाढत नाही, सी. जेकब, २००८. मॅटमध्ये जाणाऱ्यांना तर निवेदन दिल्यापासून सहा महिने उत्तराची वाट, आणि त्यानंतर एक वर्ष, एवढीच मुदत. बाब ६ ची प्रथा चालू राहणारी असते हा युक्तिवाद आहे, पण तो कामावर असेपर्यंत. एजन्सी बदलून गेट बंद झालं त्या दिवशी घड्याळ सुरू.

पंपघर

पत्र आज दिलं, आवक क्रमांक मिळाला. पंपघरात शोधलं तर २०११ पासूनची लॉगबुकं कपाटावर गोणपाटात बांधून ठेवलेली सापडली. २००८ ते १० ची नाहीत. ही घरी आणून ठेवू का, कोणी गायब करण्याआधी?

मस्टरवाला

अजिबात नाही. ती नगरपरिषदेची मालमत्ता आहे. घरी नेलीत तर चोरीची तक्रार होईल आणि पुराव्याची किंमतही जाईल. आपल्याच पाळीत, वही टेबलावर ठेवून फोटो काढा. मुखपृष्ठ, पहिलं पान, मग दर महिन्याचं एक पान जिथे अभियंत्याची सही आणि शिक्का आहे. पानाचे चारही कोपरे दिसू द्या, पान क्रमांक कापू नका. नंतर माहिती अधिकारात 'अभिलेख पाहणी'चा अर्ज द्या, त्यात प्रत्येक वहीचा कालावधी आणि ती कुठे ठेवली आहे ते लिहा: पंपघर, लोखंडी कपाटाच्या वर. एकदा ही जागा लेखी नोंदली गेली की वह्या नाहीशा झाल्यास उत्तर कार्यालयाने द्यायचं. पाहणीत तुम्ही निवडलेल्या पानांच्या साक्षांकित प्रती २ रुपये पानाने मिळतात. ते फोटो मूळ फोनमध्येच राहू द्या, व्हॉट्सअ‍ॅपवरून पाठवलेली प्रत वेगळी.